तिला मेलेली ठेवायची नाही

आमच्या दुकानात एक नियम होता, आणि तो माझ्या बायकोने केलेला होता. कॅसेट परत आली की आधी रिवाइंड करायची, मगच फळीवर ठेवायची. तसा व्हिडिओच्या सगळ्याच दुकानांत हा नियम असायचा, पुढच्या गिऱ्हाइकाला सुरुवातीपासून बघता यावं म्हणून. आमच्याकडचं कारण वेगळं होतं. पिक्चरमधली एक बाई होती, ती प्रत्येक पिक्चरमध्ये मरायची. बायको म्हणायची, "तिला मेलेली आत ठेवायची नाही."

बायकोला जाऊन किती वर्षं झाली असं लोक विचारतात. मी आकडा सांगत नाही. सांगितला की समोरच्याच्या तोंडावर दिसतं, एवढी वर्षं झाली तरी हा अजून तोंड पाडून बसलाय. म्हणून मी त्या बाईचंच सांगतो. त्यात बायको आपोआप येते.

मी शाळा चौथीपर्यंत केली. पुढे मुंबई, आणि मुंबईतून इंग्लंडात, कॉव्हेंट्रीला. इथे फाउंड्रीत लोखंड ओतायचं काम केलं. अंगात जोर होता, डोक्याला काम नव्हतं, मजेत होतो. ऐंशी साल उलटलं आणि कारखाने एकामागून एक बंद पडायला लागले. आमचाही पडला. तेव्हा आपल्या माणसांना दोनच धंदे सुचायचे, टॅक्सी नाहीतर दुकान. मला मान वळवून मागे बघायचा कंटाळा, म्हणून दुकान घेतलं. पुढे दूध, पाव, पेपर. मागच्या भिंतीला व्हिडिओ कॅसेटी. एका बाजूला हिंदी, एका बाजूला इंग्लिश.

कॅसेटी घेऊन एक सरदारजी व्हॅनवाला यायचा. एकदा त्याने एक अख्खं खोकं आमच्या दारात उतरवलं. म्हणाला, "भाभीजी, ये कोई नहीं लेता. रख लो. इटली, स्पेन, पता नहीं कहाँ कहाँ का माल है." उघडून बघतो तर वर कवट्या, सुळे, रक्त, आणि झोपायच्या झग्यात पळणाऱ्या बाया. गल्ल्याच्या वर आमचा गणपतीचा फोटो होता, तो नेमका त्या भिंतीकडे तोंड करून. बायकोने खोकं परत पाठवलं नाही. गणपती उचलून दुधाच्या फ्रिजवर ठेवला. म्हणाली, "त्यांनी तिकडे बघायला नको."

दुपारी दुकानात कोणी नसायचं. पोरं शाळेत, माणसं कामावर, नाहीतर काम शोधायला. बायको स्टुलावर बसून डबा खायची आणि काउंटरवरच्या छोट्या टीव्हीत एखादी कॅसेट घालायची. आवाज बंद. इंग्लिश तिला कळत नव्हतं, मग उगाच कशाला ऐकायचं? हिंदी पिक्चर सगळे पाठ झाले होते, म्हणून ती त्या खोक्याकडे वळली. एक दिवस मी पावाचे ट्रे लावत होतो, तर मागून हाक.

"अहो, ही तीच आहे."

"कोण तीच?"

"मागच्या आठवड्यात विहिरीत मेली ती. मठातली."

मी डब्यावरचं नाव वाचलं. मला इंग्लिश बसच्या पाट्या वाचून येतं, एकेक अक्षर धरून. म्हटलं, "अगं, नाव वेगळं आहे."

"नावाचं काय घेऊन बसलात? लग्न झालं असेल."

पुढच्या कॅसेटीवर तिसरंच नाव निघालं. म्हटलं, "आता? परत लग्न?"

"तुम्हाला काय करायचंय? भुवई बघा की."

बघितलं. बाईच्या डाव्या भुवईत मधेच एक फट होती, वीण सुटावी तशी. मठातल्या जोगिणीला तीच फट, आणि या पिक्चरमधल्या वकिलाच्या बायकोलाही तीच. त्यानंतर बायकोने त्या खोक्यातून ती बाई शोधायचा सपाटाच लावला. मिळाली की टाळी वाजवायची, "आहे! आहे!" आणि मग तासाभराने हळू आवाजात, "गेली हो बिचारी."

कशी कशी मेली ती! काळे चामड्याचे हातमोजे घातलेल्या माणसाने गोल जिन्यात भोसकली. किल्ल्यातल्या एका सरदाराने भिंतीत चिणली. चेटकीण म्हणून जाळली. एकात तर सुरुवातीची नावं संपायच्या आतच संपली, बायकोचं लोणचं अजून ताटात होतं. आणि पिक्चर आमच्याकडे ज्या क्रमाने हाताला येतील तसे. आज ती तरणीताठी, केस कमरेपर्यंत, उद्या चाळिशीची, मोठ्या घरातली हाउसकीपर, परवा परत पोरगी. एका माणसाचं आयुष्य पत्त्यांसारखं पिसून कोणी हातात द्यावं, तसं. बायको ते लावत बसायची. "हिचे दात नंतर नीट केलेत." "इथे हिला दिवस गेलेत बघा, पदर नाही म्हणून पुढे छत्री धरलीय." छत्री खरंच धरली होती. पाऊस नव्हता.

मला मात्र दुसरंच काहीतरी दिसायचं. फाउंड्रीत मी माणूस मरताना पाहिला होता. माझ्या शेजारचा, हृदय बंद पडून. खरं मरणारा माणूस पडताना हात पुढे करत नाही. झाड पडावं तसा पडतो. पिक्चरमधले सगळे हात टेकून पडतात, कारण उद्या परत कामावर यायचं असतं. ही बाई हात पुढे करायची नाही. सरळ पडायची, दगडावर, जिन्यावर, चिखलात. पहिल्यांदा बघितलं तेव्हा माझ्या हातातला ट्रे तसाच राहिला. मी म्हटलं, हिने कोणाला तरी मरताना बघितलंय. असल्या चार पैशांच्या पिक्चरमध्ये, जिथे वटवाघळाची दोरी दिसते, तिथे ही एकटी बाई खरं मरत होती. कोणासाठी मरत होती देव जाणे. आमच्या दुकानात येणारी पोरं तर तो भाग पुढे पळवायची.

आणि ती मेली की बायको बटण दाबून चित्र उलटं फिरवायची. मग काय बघावं! विहिरीतून बाई वर यायची, कोरडी व्हायची. सुरा छातीतून बाहेर, रक्त आत. जाळ विझून लाकडं ताजी. भिंतीतले दगड एकेक करून निघून जायचे आणि ती आत हसत उभी. मागे मागे जात अगदी पहिल्या चित्रात, गाडीतून उतरताना. तिथे बायको कॅसेट काढायची आणि डब्यात घालायची. "हां. आता ठेवा."

गिऱ्हाइकांनी कॅसेट रिवाइंड न करता आणली की तिचं डोकं फिरायचं. मोठमोठे गोरे बाप्ये, अंगावर गोंदवलेलं, त्यांना ती काउंटरवरून झापायची, "यू सी, यू फिनिश, यू नो गेट अप लेडी! नॉट नाइस!" ते बिचारे सॉरी लव्ह, सॉरी लव्ह करत जायचे. कोणी विचारलं यातली चांगली कुठली, तर ती बोट दाखवायची, "धिस गुड. लेडी डाय इन वॉटर. धिस व्हेरी गुड. लेडी डाय इन वॉल." धंदा चालायचा.

आमची मुलगी इथेच जन्मलेली. तेव्हा शाळेत होती. शाळेतून दुकानात आली की आईकडे बघून म्हणायची, "आई, तो बाई परत मेला? मग तू रडतो कशाला? रोज मरतो ना तो."

"तो नाही गं, ती. आणि रोज मेली म्हणून काय कमी मरते?"

त्या गिऱ्हाइकांत एक पोस्टमन होता. लाल दाढी, सायकल, आणि असल्या पिक्चरचं वेड. त्याने आम्हाला समजावून सांगितलं की नावं का बदलतात. इंग्लंड-अमेरिकेत विकायचं म्हणून तिकडच्या लोकांना इंग्लिश नावं लावतात, प्रत्येक वेळी वाटेल ते. पिक्चरचंही नाव बदलतात, कधी मागचा पुढचा तुकडा कापतात. आणि आवाज तर तिचा नव्हेच. तिकडे चित्र आधी घ्यायचे आणि आवाज मागाहून चिकटवायचे, दुसऱ्याच बायकांचे. एवढ्या पिक्चरमध्ये तिचा स्वतःचा आवाज कुठेच नाही.

मी ते बायकोला मराठीत सांगितलं. ती म्हणाली, "नाव घेतलं, आवाज घेतला. मरायला तेवढी ठेवली."

त्या दिवसापासून तिच्या मनाने घेतलं. एक तरी पिक्चर असा असणार, ज्यात ही बाई शेवटपर्यंत जगते. चालत घरी जाते. तो शोधायचा. सरदारजीला सांगितलं, पोस्टमनला सांगितलं. मीही लंडनला, एजवेअरमध्ये मेव्हण्याकडे गेलो की तिथली व्हिडिओची दुकानं पालथी घालायचो. दुकानदाराला मी काय विचारणार? भुवईत फट असलेली बाई आहे का? तसंच विचारायचो. हसायचे. तरी कधी कधी मिळायची. घरी आणून बघितली की दीड तासाने बायको उठून रिवाइंडचं बटण दाबायची.

एकाच पिक्चरबद्दल आमचं भांडण झालं. मिठागराच्या काठावरचं घर, आणि नवरा तिला वेडं ठरवतोय. शेवटी तो तिला जिन्यावरून ढकलतो. ती खाली पडते, तिचा चेहरा दिसतो आणि काळं होतं. संपलं. बायको म्हणाली, "ही मेली नाही."

"अगं पिक्चर संपला."

"पिक्चर संपला, पण ही मेली नाही. डोळे बघा."

मी परत लावून बघितलं. डोळ्यांचं मला काही कळलं नाही. पण एक दिसलं. या वेळी तिने पडताना हात पुढे केला होता. मी म्हटलं वय झालं असेल, गुडघे दुखत असतील. बायकोला तसं बोललोही. ती रागावली. दोन दिवस माझ्याशी कामापुरतं बोलली.

पुढे नव्वदचं दशक लागलं. हाय स्ट्रीटवर व्हिडिओचं मोठं चकचकीत दुकान निघालं आणि आमची मागची भिंत रिकामी झाली. तिथे आम्ही भाज्या ठेवल्या. बाईच्या कॅसेटी बायकोने घरी नेल्या. आणि त्यानंतर थोड्याच दिवसांत तिच्या छातीत गाठ निघाली.

ऑपरेशन झालं. औषधांनी केस गेले. हॉस्पिटलात आपल्यातला एक डॉक्टर होता, पुण्याकडचा, तो येऊन मराठीत बोलायचा. तो छान बोलायचा म्हणूनच मला कळलं की चांगलं काही नाही. बायकोलाही कळलं. पण ती मरणाबिरणाचं बोलली नाही. गाडीत बसल्यावर एवढंच म्हणाली, "अहो, तो पिक्चर राहिलाच."

एका बाईला जिवंत घरी जाताना बघायचं, एवढंच ती मागत होती, आणि मला ते आणता येत नव्हतं.

तेव्हा पोस्टमन आला. दाढी पांढरी व्हायला लागली होती. त्याच्या हातात एक छापील कागद. बर्मिंगहॅमजवळच्या एका हॉटेलात असल्या पिक्चरवाल्यांची जत्रा भरणार होती. जुने नट येतात, सह्या देतात. त्या कागदावर अगदी खाली, बारीक फोटोत, चष्मा लावलेली एक म्हातारी. बायकोने कागद डोळ्यांशी नेला. माझ्याकडे बघितलं सुद्धा नाही. "आहे," म्हणाली.

जायच्या आदल्या दिवशी बघतो तर तिने पिशवी भरलेली. नारळ, खण, तांदूळ, हळदीकुंकवाची कुयरी. म्हटलं, "हे काय?"

"ओटी भरायचीय तिची."

"ती सवाष्ण आहे की कोण, काही माहीत नाही. कुठली, कोणत्या धर्माची."

"एवढ्या वेळा मरून जी उभी राहते तिला काय विचारायचं? भरायची म्हणजे भरायची."

मुलगी तेव्हा नोकरीला लागली होती, तिने गाडी चालवली. हॉटेलच्या दारात गर्दी. कोणी भूत झालेला, कोणाच्या डोक्यात सुरा अडकवलेला, एकाच्या खांद्यावर कुऱ्हाड. दारावरचा माणूस सगळ्यांना आत सोडत होता. आमची पिशवी उघडली आणि नारळ बघून थांबला. म्हणाला, हे काय? हे आत नेता येणार नाही, कोणाला लागेल. मुलगी त्याला इंग्लिशमध्ये म्हणाली की हा आशीर्वादासाठी आहे. तो ऐकेना. मग मीच पुढे झालो. म्हटलं, "हिम अ‍ॅक्स, ओके. माय वाइफ कोकोनट, नॉट ओके?" मागे उभा असलेला कुऱ्हाडवाला म्हणाला, "ही'ज गॉट अ पॉइंट, मेट." सोडलं.

आत मोठा हॉल. मुखवटा घातलेल्या एका नटाच्या टेबलापुढे रांग दारापर्यंत. आमच्या बाईचं टेबल कोपऱ्यात, आग लागली तर पळायच्या दाराशेजारी. पुढे कोणी नाही. करड्या रंगाचं कार्डिगन, केस आखूड कापलेले, पांढरे. चष्म्याला साखळी. थंड झालेला चहा. मी तिला रस्त्यात बघितली असती तर कोणाची तरी आजी म्हणून पुढे गेलो असतो. बायको मात्र चार हातांवरच थांबली. एका हाताने डोक्यावरचा रुमाल सारखा केला, दुसऱ्या हाताने माझी बाही धरली.

"भुवई तीच आहे," ती म्हणाली.

बाईने वर बघितलं. कोटाखाली साडी नेसलेली, डोक्याला रुमाल बांधलेली बाई, हातात नारळाची पिशवी. उभी राहिली ती. बसूनच हसली नाही, उठून उभी राहिली.

बायको म्हणाली, "यू डाय."

"येस," बाई म्हणाली.

"ऑल पिक्चर. यू डाय."

"ऑल, ऑल. आय अ‍ॅम व्हेरी डेड वुमन." आणि हसली.

काय आवाज तो! जाड, खरखरीत, बाप्याला सर्दी झाल्यासारखा, सिगारेटीने भाजलेला. पिक्चरमध्ये तिला चिकटवलेले, घरी कधीमधी कानावर पडलेले ते गोड गोड आवाज कुठे आणि हा कुठे. बायकोने माझ्याकडे वळून बघितलं, जसं काही देवळात घंटा वाजली. "अहो, हा तिचा आहे. हा खरा." बाईचं इंग्लिशही आमच्याइतकंच मोडकं. त्यामुळे बरं झालं. दोघींना एकमेकींचं सगळं कळत होतं, मुलीला मधे काही करावंच लागलं नाही.

बाईने सांगितलं की पिक्चर बंद झाल्यावर ती एका दातांच्या डॉक्टरकडे टेलिफोन घ्यायला होती. तिथेही लोक तिच्याकडे बघून म्हणायचे, तुम्हाला कुठेतरी पाहिलंय. ती सांगायची, विहिरीत.

मग बायकोने विचारलं. एवढ्या वर्षांचं ते एकच. "वन पिक्चर... यू नो डाय? यू गो होम?"

बाई हसता हसता थांबली. बायकोच्या रुमालाकडे बघितलं. रुमालाखाली काय नाही ते तिला दिसलं असणार. गालाला हात लावून ती विचार करत राहिली. मी मनात म्हटलं, खोटं बोल बाई, एखादं नाव घे, कोण बघायला जातंय. पण ती खोटं बोलणारी नव्हती. शेवटी म्हणाली, "वन." आणि हाताने दाखवायला लागली. पांढरं पांढरं, मीठ. घर. जिना.

बायको ओरडलीच. "अहो! पायऱ्यांचा!"

बाईने सांगितलं ते असं. तिच्या देशात पिक्चर आणखी पुढे होता. सकाळ होते, ती उठते आणि जाते. इंग्लंडला विकताना तो तुकडा कापला. का? तिने खांदे उडवले. "हिअर, दे लाइक मी डेड."

बायको म्हणाली, "शो."

मला वाटलं तिला कळलं नसेल की बाईकडे काही कॅसेट नाही, पिक्चर नाही, काही नाही. मी सांगायला तोंड उघडलं. पण बाईने चष्मा काढून टेबलावर ठेवला होता.

साठी उलटलेली ती बाई टेबलाच्या पुढे आली आणि त्या हॉटेलच्या कार्पेटवर पडली. आडवी झाली असं नाही, पडली. हात पुढे करून, त्या पिक्चरमधल्यासारखी. आजूबाजूला सगळे वळले. कोणीतरी हसलं, मग हसणंही बंद पडलं. मी सांगतो ते खरं माना, नका मानू. तिचं तोंड पांढरं पडलं. छाती हलेना. मी फाउंड्रीतला माणूस, मी प्रेत बघितलंय, आणि मला वाटलं की ही गेली, आपल्या पायी गेली. मुलगी पुटपुटली, "बाबा, तो ठीक आहे ना?" हॉलमध्ये तो मुखवटेवाला सुद्धा मुखवटा काढून बघत होता. कार्पेटवर सांडलेले चिप्स, वर ट्यूबलाइट, आणि मधे मरण. एवढ्या गर्दीत तिने ते कुठून आणलं?

मग बोट हललं, एकच. मग डोळे उघडले. उघडून ती तशीच पडून राहिली, आपण कुठे आहोत ते आठवत. हाताने पाय चाचपले. बसली. उठताना टेबलाचा पाय धरला, आणि ते नाटक नव्हतं, गुडघे खरेच होते. बूट काढले, हातात घेतले. आवाज होऊ नये म्हणून, नवरा वर झोपलाय म्हणून. आमच्या अंगावरून गेली, आम्हाला बघितलंच नाही. आग लागली तर पळायचं ते दार तिने उघडलं. बाहेर कार पार्क, उजेड. एकदा श्वास घेतला तेवढा आम्हाला ऐकू आला. आणि गेली. दार आपोआप बंद झालं.

कोणीतरी टाळ्या वाजवायला लागलं, तर बायकोने गर्रकन वळून बोट ओठांवर ठेवलं. सगळे गप्प. आम्ही त्या बंद दाराकडे बघत उभे. एक मिनिट, दोन मिनिटं, ती काही परत येईना.

"गेली," बायको म्हणाली. "घरी गेली हो."

तिच्या तोंडावर जे होतं ते मी लग्नातही पाहिलं नव्हतं.

बाई पुढच्या दाराने परत आली. बाहेर सिगारेट ओढून, ओल्या मोज्यांनी, बूट अजून हातातच. बायकोने तिला खुर्चीवर बसवलं, पूर्व कुठल्या बाजूला होती देव जाणे, आणि कुयरी काढली. मुलीने इंग्लिशमध्ये विचारलं की तुमचे हजबंड आहेत का. बाई म्हणाली, "डेड. फिनिश. लाँग टाइम." मुलगी घाबरून म्हणाली, "आई, ती विडो आहे. चालतो?"

"चालतं. तू गप."

हळदकुंकू लावलं. पदर नव्हता, तर बाईने न सांगता कार्डिगनचे दोन्ही सोगे धरून झोळी केली. खण, नारळ, तांदूळ. बायकोने तिला खुणेने दाखवलं, त्यातले थोडे दाणे परत आमच्या पिशवीत टाक, देणाऱ्याचं घर रिकामं ठेवायचं नाही. बाईने मूठ भरून टाकले. मग बायकोच्या रुमालावर, तिथे जिथे केस असतात, हात ठेवला आणि तिच्या भाषेत काहीतरी बोलली. त्या खरखरीत आवाजात. ते आमच्यापैकी कोणालाच कळलं नाही आणि बायकोने मला कधी विचारलंही नाही की ती काय म्हणाली असेल.

घरी आल्यावर बायकोने ती पायऱ्यांची कॅसेट लावली. सोफ्यावर पाय वर घेऊन बघितली. बाई पडली, चेहरा दिसला, काळं झालं. मी सवयीने उठलो रिवाइंड करायला.

"राहू दे," ती म्हणाली. "तिला कशाला परत बोलावता? ती पोचली असेल."

एवढ्या वर्षांत आमच्या घरातली ती पहिली कॅसेट, जी उलटी फिरवली नाही.

बायको त्यानंतर हिवाळ्यापर्यंत होती. इथे माणसाला जाळायला नेतात ती जागा तुम्हाला माहीत असेल. बाकं, फुलं, मंद संगीत, आणि समोर पडदा. गुरुजींनी काय म्हणायचं ते म्हटलं. तिची शवपेटी तिथेच राहिली आणि पडदा बंद झाला. लोक उठले. मी बसून राहिलो. मुलगी माझ्याजवळ वाकून म्हणाली, "बाबा, चला. झाला."

मी उठलो नाही. डोळे पडद्यावर होते. काळा कोट घातलेला तिथला माणूस आला, फार अदबीने. म्हणाला की पुढचे लोक बाहेर उभे आहेत, सर.

मी म्हटलं, "यू पीपल. ऑलवेज कटिंग बिफोर फिनिश."

त्याला काय कळणार? पण तो माणूस बरा होता. बाहेरच्यांना थांबवलं, माझ्या मागच्या बाकावर बसला आणि मी उठेपर्यंत काही बोलला नाही.

व्हिडिओचं मशीन आता चालत नाही. मुलगी ते टाकून द्यायचं म्हणते. पायऱ्यांची ती कॅसेट त्याच्या पोटात आहे, उलटी न फिरवलेली, शेवटच्या टोकाला. मी तिला सांगितलंय, मी आहे तोवर हात लावायचा नाही.